आमचा भीष्म बुर्किना फासोचाच

आज सोसायटीच्या ग्रुपवर कुणीतरी इंग्रज दिग्दर्शक पीटर ब्रूकच्या ‘महाभारत’ फिल्ममधल्या भीष्माचा फोटो टाकला. खाली खिदळणाऱ्या चेहऱ्यांची रांग. ‘हा पितामह? आफ्रिकेतून मागवला काय?’ सुशिक्षित माणसं ही. संताप झाला नुसता.

त्या माणसाचं नाव सोतिगी कुयाते. १९३६ साली पश्चिम आफ्रिकेतल्या मालीत जन्म, घर शेजारच्या बुर्किना फासोत. तरुणपणी तिथल्या देशाच्या संघातून फुटबॉल खेळलेला. आणि घराणं ग्रियोंचं, म्हणजे राजांच्या, कुळांच्या पिढ्यान् पिढ्यांच्या कथा तोंडपाठ ठेवून सांगणाऱ्यांचं.

आमच्या अण्णांना, म्हणजे आजोबांना, मी ही फिल्म कॅसेटवर दाखवली होती. जन्मभर पोथी वाचलेला माणूस. पहिली दहा मिनिटं कुरकुरले, मग गप्प झाले. भीष्म पडला तेव्हा त्यांनी चष्मा काढला आणि टीव्हीसमोर हात जोडले. नंतर मी नटाच्या घराण्याबद्दल सांगितलं, तर म्हणाले, “म्हणजे आपल्या हेळव्यांतला. मग त्याला कळणारच की रे, कुळाचं ओझं काय असतं.” हेळवी म्हणजे आमच्याकडे दारोदार येऊन कुळांच्या वंशावळी सांगणारे.

कोल्हापूरकडच्या खेड्यातल्या, परदेश न पाहिलेल्या म्हाताऱ्याला जे एका बैठकीत कळलं, ते आमच्या ग्रुपला कळू नये?

आणि रंगाचं काय घेऊन बसलात! व्यास काळे, द्रौपदी काळी, कृष्ण तर काळाच. टीव्हीवर गोरे चेहरे बघून सवय बिघडलीय आपली.

ब्रूकवर आपल्याकडे टीका झाली, आपलं महाकाव्य उचलून नेलं म्हणून. असेल, त्यात तथ्य आहे. पण त्याचा राग या नटावर कशाला?

ही फिल्म ज्यावरून निघाली ते नऊ तासांचं नाटक १९८५ साली फ्रान्समधल्या आव्हिन्यों महोत्सवात, दगडाच्या खाणीत झालं. उंच, काटकुळा देह, कमालीचा स्थिर. हा माणूस नुसता उभा राहिला तरी प्रतिज्ञेचं वजन जाणवतं. अण्णा म्हणाले होते, “हा बोलत नसला तरी ऐकू येतो.” मला आजवर यापेक्षा नेमकं समीक्षण सापडलेलं नाही.

पुढे सोतिगीच्या मुलानं, दानी कुयातेनं, ‘केइता’ ही फिल्म काढली १९९५ साली. त्यात हा म्हातारा ग्रियो होऊन शहरातल्या एका शाळकरी पोराला त्याच्या पूर्वजाची, माली साम्राज्य उभारणाऱ्या सुंजाताची कथा सांगायला येतो. बघताना अण्णांची फार आठवण आली. तेही असेच, मी अभ्यासाला बसलो की कर्णाची गोष्ट काढायचे आणि आई चिडायची.

२००९ मध्ये ‘लंडन रिव्हर’ या फिल्मसाठी सोतिगीला बर्लिनच्या चित्रपट महोत्सवात सर्वोत्कृष्ट अभिनेत्याचं रौप्य अस्वल मिळालं. लंडनच्या २००५ च्या बॉम्बस्फोटांनंतर बेपत्ता मुलाला शोधणारा बाप. पुढच्याच वर्षी पॅरिसमध्ये गेला. आयुष्यभराच्या कामानंतर आपल्याकडे उरलं काय, तर हसण्यासाठी एक फोटो!

रविवारी संध्याकाळी आमच्याकडे ‘केइता’ लावतोय. हसणाऱ्यांनीही यावं, चहा मी करीन.