बांधावरची केस बांधावरच मिटवा!

दोन फूट बांधावरून डोकी फुटलीत? उत्तम. आता केस वाढवायची कशी, आणि मिटवूनसुद्धा जिवंत कशी ठेवायची, यात आपला बेळगाव-खानापूर-निपाणी पट्टा तरबेज आहे. परवाच्या लोकअदालतीत त्याची ताजी प्रात्यक्षिकं झाली, म्हणून नवशिक्यांसाठी चार सूचना.

स्टेशनात गेल्यावर कंप्लेंटमध्ये कोयता घालाच, मारामारी हातानंच झालेली असली तरी. भारतीय न्याय संहितेत नुसती मारहाण ११५(२), वाट अडवली १२६(२), शिवीगाळ ३५२, धमकी ३५१(२). ही सगळी राजीनं, म्हणजे दोघांच्या तडजोडीनं, मिटणारी कलमं. एवढ्यावरच थांबलात तर उद्या समेट झाल्यावर एका तारखेत सुटाल, मग मजा काय राहिली? कोयता आला की ११८(१) लागतं, आणि ते राजीच्या यादीत नाही.

सोडवायला आलेल्या पोलिसालाही एक धक्का द्या. मग १३२ लागतं, त्याला राजी नसते.

कंप्लेंट कन्नडमध्ये लिहितील. वाचून घेऊ नका, सही ठोका.

समोरच्यानं क्रॉस केस, म्हणजे तुमच्यावर उलटी केस, घातली असेल तर आपल्यावरची तेवढी मिटवून घ्या, त्याच्यावरची राहू दे.

आता मुख्य विधी, गावकीतली राजी. देवळात पंच बसतात, शंभरच्या बाँडवर लिहून होतं, नारळ फुटतो, चहा-भजी होते आणि पुढारी जाहीर करतो, ‘केस मिटली.’ कोर्टाकडे मात्र कुणी फिरकायचं नाही. केस आपलीच, आपण मागे घेतली की संपली! ती चालवतं सरकार, पण हे पंचांना सांगायचं कुणी? एफआयआर फाडायचा अधिकार फौजदारालाही नाही, आणि ‘मिटवायचे’ म्हणून मधल्या माणसानं नेलेल्या पैशाची पावती कुठं मिळते ते तुम्हीच शोधा. तिकडे चार्जशीट जाते, समन्स निघतं, तुम्ही ‘मिटलंय की हो’ म्हणत घरी. मग जामीनपात्र वॉरंट, मग विनाजामीन. पोरगं पुण्याहून गणपतीला येतं आणि आरतीच्या वेळी पोलीस दारात. जामीन राहिलेल्या मामाला नोटीस, जामिनाच्या बाँडची रक्कम का वसूल करू नये म्हणून. धाकटा मराठा लाइट इन्फंट्रीच्या भरतीत पळून, मेडिकल काढून व्हेरिफिकेशनला अडकतो, कारण कागदावर खटला चालूच आहे. आणि ज्याच्याशी भांडण झालं त्याचाच पोरगा रोज पहाटे याच्याबरोबर पळायला जात होता! नारळ खाऊन झाला, भजी पचली, पंचांतले दोघं वारले, केस तिथंच.

गेलातच कोर्टात, तर फिर्यादी भावाला न्या आणि मार लागलेल्याला गोव्याला कामावर राहू द्या.

अरे, किती वेळा सांगायचं! राजी द्यायची ती ज्याला मार लागला त्यानं. कंप्लेंट कुणी लिहून दिली याला महत्त्व नाही. चार जखमी असतील तर चौघं हवेत, आधार कार्डासकट. सोबत सगळे आरोपी, एक संयुक्त अर्ज, दोन्हीकडच्या वकिलांच्या सह्या. पोर अल्पवयीन असेल तर पालक, तेही कोर्टाची परवानगी घेऊन. हाड मोडलं असेल, म्हणजे ११७(२), तरी मिटतं, परवानगी मात्र मागावी लागते. पूर्वी हे फौजदारी प्रक्रिया संहितेच्या ३२० खाली व्हायचं, १ जुलै २०२४ पासून नव्या नागरिक सुरक्षा संहितेच्या ३५९ खाली. न्यायाधीश विचारतात, दबाव तर नाही ना? नाही म्हटलं आणि राजी नोंदली की कायद्यानं निर्दोष सुटका. पोराच्या भरतीला दाखवायला हाच कागद लागतो, तुमचा बाँड नव्हे. क्रॉस केस असेल तर दोन्ही एकाच दिवशी मिटवा, नाहीतर मागे राहिलेला पुन्हा पेटतो.

आणि तो खोटा कोयता! त्याच्यासाठी हायकोर्टाच्या धारवाड खंडपीठात, केस रद्द करा म्हणून, त्याच नव्या संहितेच्या ५२८ खाली वेगळा अर्ज, वेगळा वकील, वेगळी फी, तरी मंजूर होईलच असं नाही. ‘साक्षीदार फोडू या’ म्हणणारे भेटतील. शपथेवर खोटं बोलणं हा स्वतंत्र गुन्हा आहे, तो बोलणाऱ्यावर तर लागतोच, सल्ला देणाराही चिथावणीत अडकू शकतो. त्यापेक्षा स्टेशनातच कंप्लेंट वाचून दाखवा म्हणायला काय जीभ झडते? तो तुमचा हक्क आहे, एफआयआरची प्रतही फुकट मिळते.

बाँड ट्रंकेत राहू दे. पुढच्या तारखेला दोन्ही पार्ट्या अकराच्या आत कोर्टात या, जेवणानंतर नव्हे. पुढाऱ्याला घरी ठेवा.