संध्याकाळच्या ‘काळ्या इतिहासा’च्या फेऱ्या : फिरत्या आरोपांना उत्तर

शहराच्या काळ्या इतिहासाची, म्हणजे तिथल्या फाशी, खून आणि साथींच्या जागांची, संध्याकाळची पायी फेरी म्हणजे पैसे उकळण्याचा धंदा, असे सांगणारा मजकूर सध्या हातोहात पुढे पाठवला जातो. त्यातले आरोप असे : या फेऱ्यांत भुतांच्या गोष्टींपलीकडे काही नसते, जे सांगतात ते इंटरनेटवर फुकट मिळते, अंधार फक्त घाबरवण्यासाठी असतो, त्यात दिसत काहीच नाही, हा मेलेल्यांच्या दुःखाचा बाजार आहे, आणि रात्री अनोळखी गल्ल्यांत फिरणे धोक्याचे. आम्ही अशा फेऱ्या आखतो आणि चालवतो. यातले दोन आरोप काही फेऱ्यांना लागू पडतात, हे आधीच मान्य करतो. पण त्यावरून सगळ्याच फेऱ्या मोडीत काढणे चूक आहे.

‘सगळे इंटरनेटवर मिळते’

मिळते, पण काळ्या इतिहासात चुकीची गोष्टच जास्त पसरलेली असते. स्कॉटलंडच्या एडिनबर्गमधली मेरी किंग्ज क्लोज ही गल्ली घ्या. १६४५ च्या प्लेगात तिथल्या रोग्यांना भिंती बांधून जिवंत कोंडले, ही कथा असंख्य ठिकाणी सापडेल. इतिहास वेगळा आहे. शहराने प्लेगसाठी पगारी डॉक्टर नेमला होता, जॉन पॉलिशियस. तो स्वतः प्लेगने गेल्यावर जॉर्ज रे आला. घरात अडकून पडलेल्यांना अन्न पोचवले जाई, अनेकांना शहराबाहेरच्या माळावर झोपड्यांत हलवले गेले. गल्ली झाकली गेली ती शंभरावर वर्षांनी, १७५३ पासून तिच्यावर रॉयल एक्स्चेंजची इमारत उभी राहू लागली तेव्हा. वरचे मजले उतरवले आणि खालचे पाया म्हणून ठेवले. त्या खालच्या खोल्यांत उभे राहून वर पाहिले, की कोंडल्याची कथा कशातून निघाली असेल तेही समजते.

अमेरिकेतल्या सेलम या गावाचेही तसेच. ‘तिथे चेटकिणी जाळल्या’ असे लोक सर्रास लिहितात. १६९२ च्या त्या खटल्यांत एकालाही जाळलेले नाही. १९ जणांना फाशी दिली, त्यांत पाच पुरुष होते. जाइल्स कोरी या म्हाताऱ्या शेतकऱ्याने खटल्याला उभे राहायला नकार दिला, म्हणून त्याला दगडांच्या वजनाखाली चिरडून मारले. किमान पाच जण तुरुंगातच मेले. तिथे इंग्रजी कायदा चाले आणि त्यात चेटकाला फाशी होती, जाळणे नव्हते.

जागेचा घोळ तर याहून बोलका आहे. फाशीची जागा म्हणून बरीच वर्षे गॅलोज हिल या टेकडीचा माथा दाखवला जाई. २०१६ मध्ये अभ्यासकांच्या गटाने जाहीर केले, की खरी जागा खालच्या उतारावरचा प्रॉक्टर्स लेज हा खडकाळ कडा आहे. आधार होता रिबेका ईम्स या आरोपी स्त्रीच्या जबाबाचा : तिला कोर्टाकडे नेत असताना वाटेतल्या एका घरातून फाशीच्या जागेवरची माणसे दिसली होती. त्या घराच्या परिसरातून कोणता उतार नजरेस पडतो आणि कोणता आड राहतो, हे तपासल्यावर कडा जुळला, माथा जुळला नाही. २०१७ मध्ये तिथे स्मारक झाले. हा पुरावा नजरेच्या रेषेचा आहे. तो वाचून पटतो, पण रस्त्यावर उभे राहून वर पाहिले की एका क्षणात उमगतो. चांगला गाइड असे पुरावे जागेवर दाखवतो. पडद्यावर वाचताना तेच हाती लागत नाही.

‘नुसत्या भुताच्या गोष्टी’

हा आरोप काही फेऱ्यांच्या बाबतीत खरा आहे. जाहिरातीत ‘सर्वांत झपाटलेले’, ‘शापित’ असे शब्द आहेत, पण एकही वर्ष नाही, एकही नाव नाही आणि मार्ग गुलदस्त्यात. कोपऱ्यातून कुणीतरी अंगावर ओरडत येणार. ती करमणूक आहे. तिच्यावरून इतिहासाची फेरी मोजू नये.

फरक ओळखायला तीन प्रश्न पुरतात. हे कशावरून सांगता? ही मूळ जागा आहे की नंतरची? मृतांचा आकडा कुणी आणि कधी लिहिला? ज्याच्याकडे कोर्टाची कागदपत्रे, दफनाच्या नोंदी, जुने नकाशे किंवा त्या दिवसाचे वर्तमानपत्र यांपैकी काही नाही, त्याची गोष्ट दंतकथा आहे. दंतकथा सांगायलाही हरकत नाही, मात्र ती दंतकथा म्हणून सांगावी.

एडिनबर्गच्या ग्रेफ्रायर्स दफनभूमीत थडग्यांवर लोखंडी पिंजरे आहेत. मेलेले बाहेर येऊ नयेत म्हणून ते बसवले, असे सांगणारा गाइड भेटला तर तिथूनच परतावे. ते बाहेरच्यांना अडवण्यासाठी होते. वैद्यकीय शाळांना शरीरविच्छेदनासाठी प्रेते हवी असत आणि कायदेशीर मार्गाने मिळणारी प्रेते मुख्यतः फाशी गेलेल्या खुन्यांची, म्हणजे अगदी थोडी. म्हणून ताजी थडगी उकरली जात. प्रेत कुजून निरुपयोगी होईपर्यंत पिंजरा पहारा देई. बर्क आणि हेअर या जोडगोळीलाही सगळे थडगी उकरणारे समजतात; त्यांनी एकही थडगे उकरले नव्हते. हेअरच्या घरी राहणारा एक भाडेकरू आजाराने मेला, त्याचे प्रेत त्यांनी डॉ. रॉबर्ट नॉक्सच्या शाळेला साडेसात पौंडांना विकले, आणि पुढे १८२८ मध्ये सुमारे दहा महिन्यांत १६ जणांचे खून पाडले. हेअर माफीचा साक्षीदार होऊन सुटला. बर्कला २८ जानेवारी १८२९ रोजी फाशी झाली, त्याच्याच शरीराचे विच्छेदन झाले आणि सांगाडा अजून तिथल्या विद्यापीठाच्या संग्रहालयात आहे. १८३२ च्या कायद्याने प्रेतांची टंचाई संपली, पण कशी? गरीबखान्यांतल्या बेवारस मृतांची प्रेते शाळांना देऊन. आमच्या मते या कथेतला सगळ्यात काळा भाग तोच आहे, आणि त्यात भूत कुठेच नाही.

भीती वाटते ती मात्र खरी असते. त्याच शहरातल्या साउथ ब्रिज या पुलाखालच्या तळघरांत मानसशास्त्रज्ञांनी लोकांना वेगवेगळ्या खोल्यांत सोडून पाहिले. विचित्र अनुभवांच्या नोंदी कमीजास्त होण्याचा संबंध छताची उंची, आर्द्रता, बाहेरचा उजेड अशा साध्या गोष्टींशी लागला.

‘अंधारात दिसत काहीच नाही’

आधी आमच्याच क्षेत्रातला एक खोटा युक्तिवाद बाजूला करू. ‘घटना रात्री घडल्या म्हणून फेरी रात्री’ असे काही आयोजक सांगतात. सार्वजनिक फाशी लोकांनी पाहावी म्हणूनच दिली जाई, त्यामुळे ती दिवसाउजेडी असे. प्रागच्या जुन्या चौकात २१ जून १६२१ रोजी सम्राटाविरुद्ध बंड केलेल्या २७ जणांना मृत्युदंड दिला, तो सकाळी उजाडल्यावर सुरू झाला.

संध्याकाळ निवडण्याची खरी कारणे साधी आहेत. प्रागच्या चौकात त्या २७ जणांसाठी फरसबंदीत २७ क्रूस बसवले आहेत. दिवसा ते पर्यटकांच्या पायांखाली झाकले जातात. पॅरिसमध्ये रू द ला क्रुआ-फोबँ या रस्त्याच्या तोंडाशी पाच सपाट दगडी लाद्या रस्त्यात बसवलेल्या आहेत. १८५१ ते १८९९ या काळात ला रोकेत तुरुंगासमोर गिलोटिन, म्हणजे शिरच्छेदाचे यंत्र, उभे राही, ते त्यांच्यावर. वाहनांच्या वर्दळीत त्या शोधून तिथे घोळक्याने उभे राहणे कठीण.

दुसरे कारण उजेडाच्या कोनाचे. झिजलेला शिलालेख भर दुपारी सपाट दिसतो. अंधारात टॉर्च दगडाच्या बाजूला हातभर अंतरावर धरून जवळजवळ पृष्ठभागालगत, १० ते १५ अंशांनी, प्रकाश सोडला की प्रत्येक खाचेत सावली पडते आणि अक्षरे उठून दिसतात. पुरातत्त्वाचे अभ्यासकही हीच युक्ती वापरतात. समोरून मारलेल्या टॉर्चने उलट अक्षरे नाहीशी होतात. शेजारी रस्त्याचा दिवा असेल तर त्याचा उजेड सावली खाऊन टाकतो. अशा वेळी दोघांनी अंगाने तो अडवावा. ओला दगड चकाकतो, तेव्हा टॉर्च दुसऱ्या बाजूला न्यावी. खडूने अक्षरे गिरवू नयेत, दगड खराब होतो.

अंधारात वरचे मजले, खिडक्यांचे आकार, छपराच्या रेषा दिसत नाहीत, हे आरोपातले खरे. म्हणून फेरी सूर्यास्ताच्या ३० ते ४० मिनिटे आधी सुरू करावी आणि इमारतींचे थांबे पहिल्या टप्प्यात घ्यावेत. इथे आयोजक हमखास चुकतात, कारण ते वर्षभर एकच वेळ छापतात. एडिनबर्गला जूनमध्ये सूर्य रात्री दहाच्या सुमारास मावळतो आणि डिसेंबरमध्ये दुपारी पावणेचारच्या सुमारास. तिथली जूनमधली सातची फेरी लख्ख उन्हात होते. विषुववृत्ताजवळ उलट अर्ध्या तासाच्या आत काळोख पडतो. नाव नोंदवताना त्या तारखेचा सूर्यास्त पाहावा.

डोळे अंधाराला पुरते सरावायला २० ते ३० मिनिटे लागतात आणि फोनच्या झगझगीत पडद्याकडे एकदा पाहिले की ते पुन्हा बिघडते. पडद्याचा उजेड किमान ठेवा. गाइड टॉर्च लोकांच्या तोंडावर मारत असेल तर त्याला सांगा. पुढच्या थांब्यावर सगळ्यांनाच कमी दिसणार आहे.

‘मेलेल्यांच्या दुःखाचा बाजार’

या आरोपाला झटकून टाकता येणार नाही. लंडनच्या व्हाइटचॅपलमध्ये १८८८ च्या, ‘जॅक द रिपर’च्या नावावर असलेल्या खुनांवर रोज संध्याकाळी फेऱ्या निघतात आणि त्यांतल्या कित्येक फेऱ्या न सापडलेल्या खुन्याभोवतीच फिरतात. मारल्या गेलेल्या स्त्रियांचे शवागारातले फोटो रस्त्यात दाखवणे आम्हाला अजिबात मान्य नाही.

पण त्याच गल्ल्यांत दुसरी फेरी करता येते. मारल्या गेलेल्या पाच जणी अशा : मेरी ॲन निकोल्स, ॲनी चॅपमन, एलिझाबेथ स्ट्राइड, कॅथरिन एडोज आणि मेरी जेन केली. यांतल्या पहिल्या चौघी चाळिशी ओलांडलेल्या होत्या. निकोल्स पाच मुलांची आई. ३१ ऑगस्ट उजाडण्याआधीच्या रात्री तिच्याकडे बिछान्याचे चार पेन्स नव्हते, म्हणून तिला निवाऱ्यातून बाहेर काढले गेले आणि पहाटे पावणेचारच्या आधी बक्स रोमध्ये ती मृत सापडली. फेरीची सुरुवात त्या चार पेन्सांपासून केली, की लोक खुनी कोण हे विचारण्याआधी एका रात्रीचा निवारा एवढा दुर्लभ का होता हे विचारतात. बक्स रोचे नाव आज डरवर्ड स्ट्रीट आहे, चॅपमन जिथे मृत सापडली ते हॅनबरी स्ट्रीटवरचे २९ नंबरचे घर पाडले गेले, केली राहत होती तो डॉर्सेट स्ट्रीट उरलेला नाही. हे गाइडने न विचारता सांगितले पाहिजे.

आमचे नियम थोडे आहेत आणि त्यांत सवलत नाही : मृताचे नाव आधी, मारणाऱ्याचे नंतर, मरणाचा अभिनय नाही, ज्या घटनेतल्या मृतांचे जवळचे नातेवाईक हयात आहेत ती घटना त्यांच्या संमतीशिवाय नाही, लोकांच्या खिडक्यांखाली थांबा नाही. शेवटचा नियम मोडला, की रहिवासी तक्रार करतात, आणि ती रास्तच असते.

‘रात्री फिरणे धोक्याचे’

गुन्हेगारीपेक्षा पाय मुरगळण्याचीच शक्यता जास्त. ओल्या गुळगुळीत फरशीवर खाचा असलेल्या तळव्याचे बंद बूट हवेत. दोन तासांत दोन ते अडीच किलोमीटर, आठ-नऊ थांबे आणि थांब्यावर पाच ते सात मिनिटे, एवढेच झेपते. गटात १५ ते १८ माणसे असावीत. वीसच्या पुढे मागच्यांना ऐकू येत नाही, ते पांगतात आणि नकळत रस्त्यावर उतरतात. गाइड पुढे, एक सहकारी टॉर्च घेऊन सगळ्यांत मागे, प्रत्येक रस्ता ओलांडल्यावर माणसे मोजणे. मागचा सहकारी आहे का आणि शेवटचा थांबा बस किंवा रेल्वे स्थानकापासून चालत किती मिनिटांवर आहे, हे नाव नोंदवण्याआधीच विचारावे.