प्रतिक्रियेला उत्तर: पतसंस्था बुडते तेव्हा नेमकं काय थांबलेलं असतं?

काका, नमस्कार. तुम्ही वय लिहिलंयत म्हणून काका म्हणतेय. उत्तराला चार दिवस लागले, कारण तुमचं वाचून झाल्यावर लगेच काही टाईप करावंसं वाटेना.

ज्यांनी प्रतिक्रिया वाचली नसेल त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. वारीबद्दल लिहिताना मी म्हटलं होतं की संस्था ही वस्तू नाहीच, ती रोज करावी लागते, केली तरच ती असते. काकांनी सहकारी बँकेत 31 वर्षं काढलीत आणि त्यांना हे पटलेलं नाही. त्यांचं म्हणणं, 'संस्था' या शब्दातच उभं राहणं आहे, चौकट पक्की असली की माणसं आली-गेली तरी बिघडत नाही. त्यांच्या गावची पतसंस्था बुडाली, वडिलांची ठेव अडकली, ती चौकट कच्ची होती म्हणून. आणि शेवटचं वाक्य होतं, 'सगळं प्रवाही आहे म्हटलं की जबाबदार कुणीच उरत नाही.' हे वाक्य मला लागलं.

काका, एक चूक आधी मान्य करते. 'नियम नंतर येतात, माणसं आधी' असं मी लिहिलं होतं ते घाईत लिहिलं गेलं, आणि ते वारीलाही लागू होत नाही. माऊलींच्या पालखीत रथापुढे 27 दिंड्या, बाकीच्या रथामागे, प्रत्येकीला नंबर, आणि आपली जागा सोडून कुणी पुढे घुसत नाही. हैबतबाबा आरफळकरांनी एकोणिसाव्या शतकात सोहळ्याला जी शिस्त लावून दिली तीच अजून चालतेय, घोडे अजूनही अंकलीच्या शितोळे सरकारांचेच येतात. म्हणजे चौकट आहे, चांगली कडक आहे. तिथे तुमचा मुद्दा शंभर टक्के बरोबर.

पण ती चौकट टिकते कशी ते बघा ना. मुक्कामाला पोचल्यावर समाजआरती होते, सगळ्या दिंड्या गोल उभ्या राहतात, टाळ-मृदंगाचा एवढा गजर असतो की शेजारच्याचं बोलणं ऐकू येत नाही, आणि चोपदाराने दंड वर केला की क्षणात सगळं शांत. मग काय हरवलं, काय सापडलं ते पुकारतात. आणि एखाद्या दिंडीची तक्रार असेल, तर ती दिंडी टाळ वाजवायचं थांबवतच नाही. बाकी सगळे गप्प आणि तेवढाच एक टाळ चालू. चोपदार तिथे जातो, काय झालं विचारतो, ऐकून घेतो, मग पुढचं. म्हणजे तक्रारीला रोज संध्याकाळी सगळ्यांदेखत जागा आहे. समजा उद्या कुणी ठरवलं की दंड वर करायचा पण टाळ वाजला तरी तिकडे जायचं नाही, तर नंबर तेच राहतील, घोडे तेच, रथ तोच, बाहेरून बघणाऱ्याला काही कळणारही नाही, पण माझ्या मते त्या दिवसापासून तो सोहळा वेगळा झालेला असेल. मला जे म्हणायचं होतं ते हे होतं. मूळ लेखात मी नुसतीच चालण्याबद्दल लिहीत बसले.

2020 ला तर चालणंही नव्हतं. पादुका दशमीला एसटीने पंढरपूरला गेल्या, सोबत मोजकी माणसं. ती वारी झाली का, यावर आमच्या घरी खूप वाद झाला, आजी म्हणाली झाली, कारण नेम मोडला नाही. त्याच सुमाराला मुंबईत डबेवाल्यांचं काम मार्चमध्ये बंद पडलं. संघटना रजिस्टर, पदाधिकारी जागेवर, डब्यांवरच्या खुणांची पद्धत सगळ्यांना तोंडपाठ, कागदावर काहीच कमी नव्हतं. पण ऑफिसं बंद, लोकल बंद, कित्येकजण मावळ-खेड-जुन्नरकडे गावी परतले आणि त्यातले बरेच परत आलेच नाहीत. तुमची पक्की चौकट तिथे होती काका. डबा नेणारा हात नव्हता.

आणि 'उभं राहण्या'बद्दल. पंढरपुरात देव अठ्ठावीस युगं उभा आहे म्हणतो आपण, पण त्याच्यासाठी पहाटे काकडा, मग नित्यपूजा, पोशाख, धूपारती, रात्री शेजारती, हे रोज कुणीतरी करतं. आषाढीला तर देवाचा पलंगच काढतात, दर्शन चोवीस तास चालू, मग प्रक्षाळपूजा झाली की पुन्हा सगळे उपचार सुरू. म्हणजे उभं राहणं हेही रोजचं काम आहे, फार माणसांचं. त्याच मंदिराचा कायदा बघा. 1973 ला झाला, आणि बडवे-उत्पात मंडळींचे पिढीजात हक्क संपले यावर सुप्रीम कोर्टाचं शिक्कामोर्तब व्हायला 2014 चा जानेवारी उजाडला. चाळीस वर्षं! कायदा नसता तर तेही झालं नसतं हे मान्य आहे मला, पण कायदा लिहून झाला म्हणजे बदल झाला असं नव्हतं, तारखांना हजर राहणारी माणसं लागली.

आता मूळ मुद्द्यावर येते, तुमच्या पतसंस्थेवर. मी दोन वर्षं आमच्या हाउसिंग सोसायटीची सेक्रेटरी होते, 62 फ्लॅटची सोसायटी. जुनं प्रोसिडिंग बुक, म्हणजे सभांच्या इतिवृत्तांची वही, हातात आलं तेव्हा मी एका रात्रीत सगळं वाचून काढलं. दरवर्षी तेच. 30 सप्टेंबरच्या आत सभा, 14 दिवस आधी नोटीस, गणपूर्तीअभावी सभा तहकूब, अर्ध्या तासाने त्याच ठिकाणी पुन्हा सुरू, मागील सभेचे इतिवृत्त वाचून कायम करण्यात आले, लेखापरीक्षण अहवालाची नोंद घेण्यात आली, आयत्या वेळचा विषय नाही, आभार. वाचायला अगदी नीट. पण त्या सभांना मी स्वतः हजर होते हो! सात-आठ माणसं, इतिवृत्त कुणी वाचलंच नाही, 'वाचलं असं धरू या' म्हणून सगळ्यांनी माना डोलावल्या, त्यात मीपण. आणि ऑडिट मेमोत लागोपाठ तीन वर्षं एकच शेरा, सिंकिंग फंड (इमारतीच्या पुढच्या मोठ्या दुरुस्तीसाठी साठवायचा निधी) वेगळ्या खात्यात ठेवलेला नाही. दरवर्षी दोष दुरुस्ती अहवालात लिहिलं जायचं 'पूर्तता करण्यात येईल'. तीन वर्षं येईल, येईल, येईल.

मग आम्ही तिघांनी मिळून फक्त एक केलं. दर महिन्याच्या पहिल्या रविवारी खाली पार्किंगमध्ये खुर्च्या टाकायच्या आणि बँकेचं स्टेटमेंट मोठ्याने वाचायचं, एकेक एंट्री. पहिल्या रविवारी चार माणसं होती, सहाव्या महिन्यात तीसच्या वर. पाचव्या की सहाव्या बैठकीत एका आजींनी विचारलं की लिफ्टवाल्याला एकाच महिन्यात दोनदा पैसे का गेले, आणि ते खरंच चुकून गेले होते, परत आले. सिंकिंग फंडाचं वेगळं खातं त्याच वर्षी उघडलं. पुढे आमची बदली झाली, मी तिथून निघाले, दुसऱ्या दोघांनीही कमिटी सोडली आणि रविवारचं वाचन बंद पडलं. यात उपविधीतला, म्हणजे सोसायटीच्या नियमावलीतला, एक शब्दही बदललेला नव्हता, आधीही तेच, मधेही तेच, आताही तेच.

म्हणून मला तुमचं शेवटचं वाक्य उलटं वाटतं. 'चौकट कच्ची होती' म्हटलं की जबाबदार कोण? चौकट. तिला कुणी जाब विचारू शकत नाही. तुमच्या गावच्या पतसंस्थेला 1960 चा सहकार कायदा होता, उपविधी होते, संचालक मंडळ होतं, ऑडिट होतं, बहुतेक अहवालाच्या पहिल्या पानावर ऑडिटचा 'अ' वर्गही छापलेला असेल (आमच्या भागातल्या बुडालेल्या एका संस्थेच्या अहवालावर होता, मी पाहिलाय). मग काय कच्चं होतं? मला वाटतं ठराविक महिन्याच्या ठराविक मीटिंगमध्ये कर्जाचा अर्ज न वाचता मंजूर झाला, थकबाकीची यादी वाचायची ती वाचली नाही, सह्या घरी पाठवून घेतल्या, वसुलीला जायचं तर 'आपलाच माणूस आहे' म्हणून कुणी गेलं नाही. यातल्या प्रत्येक गोष्टीला तारीख आहे आणि सही आहे. संस्था म्हणजे केलेली गोष्ट असं धरलं तरच 'हे कुणी केलं नाही' असं बोट ठेवून विचारता येतं. मी प्रवाही म्हणते ते जबाबदारी धुवून जावी म्हणून नाही काका, अगदी तिच्यासाठीच म्हणते.

कार्ल वाइक नावाचे संस्थांचे अमेरिकन अभ्यासक हेच मांडत होते, की संस्थांबद्दल बोलताना नामं कमी वापरा आणि क्रियापदं जास्त. मला ते वाचून आवडलं होतं, पण खरं पटलं पार्किंगमधल्या खुर्च्यांवर.

एका ठिकाणी मात्र माझ्याकडे तुम्हाला उत्तर नाही. आमचं रविवारचं वाचन उपविधीत लिहून ठेवलं असतं तर मी गेल्यावर टिकलं असतं का? तुम्ही म्हणाल हो. मला आता वाटतं निदान मागायला आधार तरी राहिला असता, नव्या कमिटीला कुणीतरी 'हे लिहिलंय, मग का होत नाही' असं म्हणू शकलं असतं. ते लिहून ठेवायचं आम्हाला सुचलं नाही याचं वाईट वाटतं. मूळ लेखातलं 'नियम नंतर येतात' हे वाक्य आज काढतेय आणि तिथे तुमचा मुद्दा घालतेय.

आणि एक विचारायचंय. वडील ठेवीदार म्हणजे सभासदही असणार, मग ते सभेला जायचे का? त्यांच्याकडे जुने वार्षिक अहवाल असतील तर टाकू नका. अवसायक (बुडालेली संस्था गुंडाळायला नेमलेला अधिकारी) नेमला असेल तर प्रोसिडिंग बुकं त्याच्या ताब्यात असतील, सभासदाच्या नात्याने नकला मागता येतात का बघा. बुडायच्या आधीच्या तीन-चार वर्षांच्या सभांमध्ये काय काय वाचलं गेलं नाही ते तुमच्याइतकं चांगलं कुणाला कळणार नाही. मिळालं तर लिहा, इथेच लिहा, मी पूर्ण लेख म्हणून छापेन.