लीड्सचा पूल आणि खरी कॉर्नर

आमच्या शाळेच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर कोल्हापूरच्या जयप्रभा या जुन्या सिनेमा स्टुडिओचं भांडण परत पेटलंय. 2022 मध्ये जागा विकल्याचं बाहेर आलं, कलाकार उपोषणाला बसले, तेव्हापासून ते विझलेलंच नाही. निम्मे म्हणतात वास्तू वाचवा, निम्मे म्हणतात शूटिंगच नाही तर जपायचं काय. मी तोंड उघडलं की ठरलेलं उत्तर येतं, "भावा, लीड्समध्ये बसून सांगू नकोस."

बरोबर आहे त्यांचं. तरी सांगतो. इथं इंग्लंडात, लीड्सच्या पुलाजवळच्या इमारतीवर लुई ल प्रिन्सची पाटी आहे. 1888 मध्ये त्यानं स्वतःच्या कॅमेऱ्यानं या पुलावरची रहदारी हलत्या चित्रांत टिपली. माझी रोजची वाट तिथून जाते. पाटी वाचणारा माणूस अजून दिसायचाय. त्याचा लाकडी कॅमेरा मात्र ब्रॅडफर्डच्या संग्रहालयात आहे, आणि माझा पोरगा त्याच्यापुढून हलायला तयार नव्हता.

असाच स्वतःचा सिनेमाचा कॅमेरा कोल्हापुरात बाबुराव पेंटरांनी घडवला, पण त्यांना आपण 'दिग्दर्शक' करून ठेवलंय. माणूस मुळात नाटकांचे पडदे रंगवणारा. कामातले जोडीदार आनंदराव 1916 मध्ये गेले, तरी यांनी कॅमेरा घडवलाच. तानीबाई कागलकरांनी पैसा दिला, महाराष्ट्र फिल्म कंपनी उभी राहिली, 1920 ला 'सैरंध्री' हा सिनेमा आला. पोस्टरं स्वतः रंगवली. सगळे देवादिकांत रमलेले असताना 1925 मध्ये 'सावकारी पाश'मधून कर्जात बुडालेला शेतकरी दाखवला. पुढं शांताराम, दामले, फत्तेलाल बाहेर पडले, त्यांची 'प्रभात' फिल्म कंपनी निघाली, आणि बाबुरावांची कंपनी बसली. मग गडी परत रंगाकडं आणि शिल्पाकडं वळला. शिवाजी चौकातल्या पुतळ्याखालून रोज गाड्या काढणाऱ्या किती जणांना तो कुणी घडवला हे ठाऊक आहे?

माझे वडील उद्यमनगरात लेथवर होते. डबा द्यायला गेलो की पितळेचा कीस चपलेत अडकायचा, घरी येईपर्यंत टोचायचा. बाबुरावांचा कॅमेरा असाच घासून-घासून जमला असणार. शाळेनं आम्हाला कोल्हापुरातल्या खरी कॉर्नरचा कॅमेरा स्तंभ, म्हणजे त्या कॅमेऱ्याचं स्मारक, दाखवला. लेथ कुणी दाखवला नाही.

जयप्रभाची जागा गेली तर परत येणार नाही, हे मलाही कळतं. पण स्टुडिओसाठी घसा फोडणाऱ्यांनी पोरांच्या हातात पेचकस आणि जुना कॅमेराही द्यावा. ग्रुपवर तेच लिहिलं: उद्यमनगरात एखादं बंद शेड घ्या, पोरांना कॅमेरे खोलू द्या. तीन अंगठे आले. चौथ्यानं विचारलं, "भाडं कोण भरणार?"

तानीबाईंचं नाव टाईप केलं, आणि खोडलं.