तारीख चुकली म्हणजे माणूस खोटा?

यादवी युद्धातून जीव वाचवून दुसऱ्या देशात आश्रय मागायला आलेल्या माणसाकडे कागदपत्रं बहुतेकदा नसतातच. जळालेली असतात, हरवलेली असतात, किंवा त्यानेच फेकून दिलेली असतात, कारण वाटेतल्या नाक्यावर ओळखपत्रावरचं नुसतं नावही जिवावर बेतू शकतं. मग उरते फक्त त्याची जबानी.

त्यातही 'आमच्याकडे युद्ध पेटलंय' एवढ्याने भागत नाही. 1951 च्या आंतरराष्ट्रीय निर्वासित करारात छळाची मान्य कारणं पाचच: वंश, धर्म, राष्ट्रीयत्व, विशिष्ट सामाजिक गट आणि राजकीय मत. बॉम्ब काय, सगळ्यांवरच पडतात. तुझ्या मागे कोण लागलं होतं आणि का, ते सांग! (आफ्रिकी देशांनी 1969 मध्येच आपल्यापुरती निर्वासिताची ही व्याख्या रुंद केली, हे त्यांचं शहाणपण.)

मुलाखतीत अधिकारी विचारतात, सैनिक किती होते? किती वाजता आले? आता इथिओपियाचंच घ्या. तिथल्या तिग्राय प्रांतातलं युद्ध आपल्या हिशेबाने नोव्हेंबर 2020 मध्ये सुरू झालं, तिथल्या कॅलेंडरप्रमाणे ते साल 2013. तिथलं घड्याळही सहा तासांनी वेगळं. 'रात्री दोन वाजता आले' म्हणजे आपले रात्रीचे आठ. दुभाषा जरा ढिला निघाला की झाली विसंगती, आणि फाईलवर शेरा: विश्वासार्ह नाही.

बरं, कॅलेंडर एकच असलं तरी काय? ब्रिटनमध्ये कोसोवो आणि बोस्नियाच्या काही निर्वासितांची दोन-दोनदा मुलाखत घेतली गेली. अभ्यास 2002 मध्ये छापून आला. या सगळ्यांना राहायची परवानगी आधीच मिळालेली होती, म्हणजे खोटं बोलून कुणाला काही मिळणार नव्हतं. तरीही प्रत्येकाच्या दोन जबान्यांत फरक निघाला, आणि तो जास्त करून कडेच्या तपशिलांत. ज्यांना मानसिक आघाताचा त्रास जास्त, त्यांच्यात दोन मुलाखतींमधला काळ वाढला की फरकही वाढला.

खोटं बोलणारे नसतात का? असतात. तयार कहाण्या विकणारे दलालही असतात. पण पढवून आलेला माणूस तारखा चोख सांगतो, अडखळतो तो खरं भोगलेला, आणि आपली चाळणी नेमकी त्यालाच अडवते.

आणि 'निर्वासित म्हणे, मग हातात स्मार्टफोन कसा?' असं विचारणाऱ्यांसाठी: वाटेचा नकाशा, दलालाचा नंबर, मागे राहिलेल्या आईचे व्हॉइस मेसेज, पाडलेल्या घराचे फोटो, सगळं त्याच फोनमध्ये असतं. जर्मनीने तर 2017 मध्ये कायदाच केला, की ओळखपत्र नसेल तर अधिकारी त्याचा फोन तपासू शकतात.