‘पगार अडला तर गप्प बसा’ या सल्ल्यातलं खरं किती?

“खाजगी शाळेत पगार अडवला तर गप्प बसा. शिक्षक कामगारात मोडत नाही, विनाअनुदानित शाळेला कायदा लागू नाही, नेमणुकीला मान्यता नसेल तर पगार मागायचा हक्कच नाही, संस्था खाजगी म्हणून हायकोर्टही ऐकत नाही. उलट तोंड उघडलं की नोकरी जाते.” अशा आशयाचा सल्ला महाराष्ट्रातल्या शिक्षकांच्या ग्रुपांवर सर्रास पुढे ढकलला जातो. यातलं ‘शिक्षक कामगार नाही’ हे विधान अर्धं खरं आहे. बाकीची संस्थाचालकांच्या सोयीची.

अर्ध्या खऱ्यापासून सुरुवात करू. सुंदरंबल खटल्यात 1988 साली सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की तेव्हाच्या औद्योगिक विवाद कायद्यापुरता शिक्षक ‘कामगार’ नाही. बरोबर. पण तो निकाल शिक्षकांपुरता. शिपाई, लिपिक, बसचालक यांना तो जसाच्या तसा लावता येत नाही. आणि एक कायदा लागू नाही म्हणजे कुठलाच नाही, हे कुणी सांगितलं?

महाराष्ट्रात यासाठी 1977 चा स्वतंत्र कायदा आहे, खाजगी शाळांतील कर्मचाऱ्यांच्या सेवाशर्तींचा. शाळेतले लोक त्याला एमईपीएस म्हणतात. त्याचं कलम 3 सांगतं की अनुदान मिळो वा न मिळो, राज्यातल्या खाजगी शाळांना तो लागू. विनाअनुदानितचा मुद्दा इथेच निकालात निघतो. शाळा मान्यताप्राप्त मात्र हवी. क्लासवजा, विनामान्यता शाळेत ही ढाल हाती लागत नाही. वेतन नियमांपेक्षा कमी असेल तर ते पातळीवर आणण्याचा आदेश शिक्षण संचालक देऊ शकतात, आणि तो धुडकावला तर शाळेची मान्यता काढता येते. हे कलम 4 मध्ये आहे.

जास्त घोळ होतो तो दरवाजा निवडताना. पगार थांबला की लोक शाळा न्यायाधिकरणाकडे धावतात आणि हात हलवत परततात. कलम 9 खालचं अपील बडतर्फी, सेवासमाप्ती, पदावनती किंवा डावलून दुसऱ्याला दिलेली पदोन्नती यांसाठी आहे, तेही 30 दिवसांत. नुसता पगार थकलाय आणि नोकरी चालू आहे, तर आधी शिक्षणाधिकाऱ्यांकडे लेखी तक्रार आणि तिथे दाद लागली नाही तर संविधानाच्या अनुच्छेद 226 खाली उच्च न्यायालय. पण “उद्यापासून येऊ नका” असं तोंडी सांगून मस्टरवर सही करू दिली नाही, तर ती सेवासमाप्तीच. मग न्यायाधिकरण. तिथे पुनर्नियुक्तीबरोबर थकीत वेतनही देववता येतं.

मान्यतेचा बागुलबुवा सगळ्यात जुना. शिक्षणाधिकाऱ्यांची वैयक्तिक मान्यता (म्हणजे त्या नेमणुकीला मंजुरी) आली नाही, शालार्थ आयडी (सरकारी ऑनलाइन वेतनप्रणालीतला क्रमांक) नाही, म्हणून वर्षानुवर्षं फुकट राबणारे शिक्षक अनुदानित शाळांत आहेत. त्यांना सांगितलं जातं, तुमची नेमणूकच नाही. सेंट उलाई प्रकरणात मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने नेमकं उलट म्हटलं: नेमणूक वैध ठरण्यासाठी मान्यता ही पूर्वअट नाही. मान्यतेचा संबंध अनुदानाशी. सरकार पैसे देईल की नाही हा संस्था आणि सरकार यांच्यातला हिशेब. तो कर्मचाऱ्याच्या गळ्यात का मारायचा?

“संस्था खाजगी” हा बचाव अहमदाबादच्या एका कॉलेजच्या ट्रस्टनेही केला होता. रुदाणी खटल्यात 1989 साली सर्वोच्च न्यायालयाने तो फेटाळला आणि कर्मचाऱ्यांच्या देण्यांसाठी ट्रस्टविरुद्ध रिट (अनुच्छेद 226 खालची याचिका) चालेल असं ठरवलं. 2022 च्या सेंट मेरीज निकालाने मर्यादा घातली: निव्वळ खाजगी करारावरची नोकरी असेल तर रिट नाही. आपल्याकडे सेवाशर्ती कायद्याने बांधलेल्या आहेत, त्यामुळे मान्यताप्राप्त शाळेत पाय घट्ट आहेत.

राहिली नोकरी जाण्याची धमकी. ती खरी असते, म्हणूनच कायद्याने तिला वेसण घातली आहे. रुजू होतानाच कोऱ्या तारखेच्या राजीनाम्यावर सही घेण्याची खोड काही संस्थांना असते. 1977 च्या त्याच कायद्याच्या कलम 7 मध्ये राजीनाम्याची रीत दिली आहे: दोन प्रती, दोन्हींवर कर्मचाऱ्याची सही आणि तारीख, एक प्रत रजिस्टर पोस्टाने व्यवस्थापनाला, दुसरी स्वतःजवळ. कपाटातून काढलेला कागद त्यात बसत नाही. निलंबित केलं तरी निर्वाह भत्ता द्यावाच लागतो. पॉल अँथनी खटल्यात (1999) तो नाकारण्याचा संबंध थेट जगण्याच्या हक्काशी जोडला गेला.

गप्प बसण्याचा एक तोटा तो सल्ला देणारे सांगत नाहीत. सर्वोच्च न्यायालयाच्या तरसेम सिंग निकालापासून (2008) उशिरा केलेल्या याचिकेत थकबाकी साधारणपणे दाखल केल्याच्या आधीच्या 3 वर्षांचीच मिळते. म्हणून पगार थकू लागला की दर महिन्याला मुख्याध्यापकांना अर्ज द्या, प्रतीवर आवक क्रमांक आणि शिक्का घ्या. घ्यायला नकार दिला तर तोच अर्ज रजिस्टर पोस्टाने पाठवा आणि पोच जपून ठेवा.