'व्हायपर' या जुन्या ब्रिटिश युद्धनौकेच्या मॉडेल किटवरील दोन ताऱ्यांच्या अभिप्रायाला आमचं उत्तर

नमस्कार सर. पार्सल आठवडाभर उशिरा पोचलं आणि खोक्याचा कोपरा चेपला होता, त्याबद्दल मनापासून दिलगीर आहोत.

पण "दोन प्रोपेलरच्या बोटीला आठ देऊन 3,400 रुपये उकळले, ही फसवणूक आहे" हे वाक्य जिव्हारी लागलं. एचएमएस व्हायपरला आठच प्रोपेलर होते: चार शाफ्ट (प्रोपेलर फिरवणारे दांडे), प्रत्येकावर दोन. त्या काळच्या इतर ब्रिटिश विनाशिकांना दोन असत हे खरं, पण त्यांची इंजिनं दट्ट्याची, मिनिटाला साधारण 400 फेरे. व्हायपर ही वाफेच्या टर्बाइनवर चाललेली पहिली विनाशिका. टर्बाइन आणि शाफ्टमध्ये गेअर नव्हता, त्यामुळे शाफ्ट मिनिटाला हजाराच्या वर फिरे. एवढ्या फेऱ्यांना सगळा जोर मोजक्या पात्यांवर आला की पात्यांमागे पोकळी धरते, प्रोपेलर नुसता घुसळतो आणि बोट वेग घेत नाही. वाफेच्या टर्बाइनचे जनक पार्सन्स यांना टर्बिनिया या त्यांच्या प्रायोगिक बोटीवर आधी हेच भोवलं होतं. एका शाफ्टवर ती 20 नॉटही (ताशी सागरी मैल) गाठेना. तीन शाफ्ट आणि नऊ प्रोपेलर लावले तेव्हा 34 नॉटच्या वर गेली. म्हणून व्हायपरवर जोर आठ ठिकाणी वाटला, आणि चाचण्यांत तिने 36 नॉट ओलांडले. तिच्या जोडीच्या कोब्राला तर बारा होते.

"प्रोपेलर तिरके बसतात" असंही आपण म्हणता. आपल्याच फोटोत मागच्या चार प्रोपेलरच्या सळया पकडीने तोडलेल्या दिसतात. 0.8 मिमीची पितळी सळई पकडीने तोडली की वाकते, आणि वाकलेली सळई ब्रॅकेटच्या भोकात सरळ बसतच नाही. सूचनापत्रात पायरी 14 ला लिहिलं आहे: पुढचा प्रोपेलर आधी, मागचा नंतर, आणि सरळ रेषेत बसल्याची खात्री झाल्यावरच इपॉक्सी गोंद. ती पायरी वगळली तर भाग कितीही चांगले असोत, उपयोग नाही.

राहिलं माहितीपत्रक. "सेवाकाळ अर्धवट छापला, पानं गहाळ आहेत" असं आपण लिहिलंत. पानं गहाळ नाहीत सर, तिचा सेवाकाळच तेवढा होता. 6 सप्टेंबर 1899 ला टाइन नदीवर हॉथॉर्न लेस्लीच्या गोदीत जलावतरण, 1900 मध्ये चाचण्या, आणि 3 ऑगस्ट 1901 ला आरमारी सरावात दाट धुक्यात ऑल्डर्नी बेटाजवळच्या खडकांवर चढून ती गेली. माणसं सगळी वाचली. कोब्राचं नशीब तेवढंही नव्हतं: त्याच वर्षी 18 सप्टेंबरला उत्तर समुद्रात ती दुभंगली आणि 67 जण बुडाले. आपण ज्या बोटींशी तुलना केलीत, त्यातल्या बऱ्याच पहिल्या महायुद्धापर्यंत चालल्या, म्हणून त्यांची पत्रकं लांब. व्हायपरची पानं वाढवायला आम्ही खोटा मजकूर घालणार नाही.

किंमतही आठ प्रोपेलरमुळे वाढलेली नाही. 32 सेंमीचा सांगाडा, तोफा, दोन टॉर्पेडो नळ्या, सगळं हाताने तपासून भरतो. छोटं दुकान आहे, एका अभिप्रायाने महिनाभराच्या ऑर्डरी थांबतात.

पॅकिंग सुधारायचं बघतो आहोत, सूचनापत्रातली चित्रंही मोठी करू. चार नव्या सळया आणि चार प्रोपेलर पाठवतो, पैसे नकोत. पत्ता तोच आहे ना, एवढं कळवा. तारे दोनच ठेवलेत तरी चालेल, पण 'फसवणूक' हा शब्द तेवढा काढावा, ही विनंती.